बसायला काढलेली फळी

आडव्या फळीचा विषय निघाला की माझं डोकं फिरतं. कॉलेजातल्या पोरांना हे पक्कं ठाऊक आहे. तासाला कंटाळा आला की एखादा मागच्या बाकावरून मुद्दाम विचारतो, "म्याडम, ती फळी काढली तर काय होते?" मी वर्ध्याला इंजिनिअरिंगच्या पोरांना खांब शिकवते. खांब वजन कसं पेलतो, आणि एक दिवस अचानक पेलायचं का सोडून देतो, एवढंच माझं आयुष्यभराचं काम.

दर वर्षी पहिल्या तासाला मी स्टीलची लांब पट्टी टेबलावर उभी धरते आणि वरून तळव्यानं दाबते. दाबते, दाबते, पट्टी सरळ. अजून थोडं दाबलं की एकदम कुशीवर पोट काढते. मोडत नाही, आवाज करत नाही, नुसती बाजूला होते. मग मी एखाद्या मुलीला पट्टीच्या मधोमध दोन्ही बाजूंनी हलकंच बोट टेकवायला सांगते आणि पुन्हा दाबते. आता पट्टी चारपट जोर घेते. "बोटावर किती वजन आलं गं?" मी विचारते. "काहीच नाही म्याडम," ती म्हणते. तेच तर सांगते आहे, बायांनो! त्या बोटावर काहीच येत नाही आणि ते काढलं की सगळं जातं. पोरं माना डोलावतात आणि परीक्षेत भलतंच लिहितात. पालथ्या घड्यावर पाणी.

आमच्या दादाच्या हॉलचंही तेच झालं.

माझं माहेर जामजवळचं. दादा शेती करतो. हैदराबादच्या हायवेला लागून आमचं थोडं वावर आहे. तिथं जेवणावळीसाठी, साखरपुड्या-बारशांसाठी एक हॉल बांधायचं त्याच्या मनानं घेतलं. छत उंच पाहिजे, हवा खेळली पाहिजे, हा त्याचा हट्ट. उंच छत म्हणजे खाली आधाराला उंच बल्ल्या. नीलगिरीच्या, मनगटापेक्षा थोड्या जाड, सगळ्या हॉलभर रांगेनं उभ्या. मिस्त्री जुना आणि कामाला चोख. त्यानं प्रत्येक रांगेत बल्लीच्या मधोमध आडव्या फळ्या ठोकल्या होत्या, हॉलच्या लांबीतही आणि रुंदीतही. आदल्या आठवड्यात मी स्वतः पाहून आले आणि निश्चिंत झाले. फक्त एक होतं, त्या फळ्या बरोबर माणसाच्या कपाळाच्या उंचीवर आल्या होत्या. दादाला दोनदा टेंगूळ आलं आणि त्यानं दोन्ही वेळा मिस्त्रीच्या सात पिढ्यांचा उद्धार केला.

आमच्याकडे स्लॅबच्या दिवशी जेवण असतं. मजूर, नातेवाईक, शेजारपाजार, सगळ्यांना. आणि आमच्या भागात रीत अशी की पहिला घास नव्या छताखालीच घ्यायचा. मे महिन्यात तर त्याचं कोणाला सांगावंही लागत नाही. बाहेर डांबर पाघळत असतं, आणि स्लॅबखाली वरच्या काँक्रीटचं पाणी टपटपत असतं. जमीन ओली, हवा गार. कूलरची गरज नाही. माणसं आपणहून आत शिरतात आणि म्हणतात, आहाहा, काय गारवा हाये बापा!

त्या दिवशी मला परीक्षेची ड्यूटी होती. मी पोचले तेव्हा काँक्रीट ओतून झालं होतं, मिक्सर धुणं चाललं होतं आणि आत पंगत बसली होती. "या ताई, तुमचीच वाट पाहून राह्यलो होतो," म्हणत वहिनीनं मला ओढत आत नेलं. वांग्याची भाजी, पोळी, वरण-भात, बुंदी. बायका हसत होत्या, पोरं पत्रावळींवरून उड्या मारत होती. मीही बसले. बाबा माझ्या समोरच्या रांगेत, मधोमध, एका फळीवर बसले होते. दोन बाजूंना विटा आणि त्यावर फळी. बाबांच्या गुडघ्यांचं ऑपरेशन झालंय, त्यांना खाली मांडी घालता येत नाही. दादानं त्यांची सोय केली होती. मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू.

पहिला घास तोंडात गेला आणि वाढप्याच्या हातातली वरणाची बादली एका बल्लीला घासली. बल्ली हलली. हलणारच. पण ती परत आली ती फार आळसानं आली. पूर्ण आलीही नाही.

माझा घास तोंडातच राहिला.

चांगली बल्ली ढकलली की हाताला उलटी ढकलते. वजन तिच्या सोसण्याच्या कडेला आलं की ती मऊ होते. हे मी फळ्यावर किती वर्षं लिहीत आले, पण आयुष्यात पहिल्यांदा डोळ्यांनी पाहत होते. मी मान तिरकी करून रांगेकडे पाहिलं. मधल्या तीन रांगांतल्या बल्ल्यांनी हायवेच्या बाजूला थोडं थोडं पोट काढलं होतं. आणि त्या रांगांना आडव्या फळ्याच नव्हत्या. खिळ्यांची भोकं तेवढी होती. भिंतीकडेच्या रांगांना सगळ्या फळ्या जागच्या जागी, आणि बरोबर पंगतीच्या डोक्यावर एकही नाही. एक फळी बाबांच्या खाली होती. दुसऱ्या दोन भाताच्या पातेल्यांखाली, बाकीच्या दाराशी रचलेल्या.

दादा वाढत वाढत माझ्याजवळ आला, तेव्हा मी हळूच विचारलं, "दादा, या फळ्या कोणी काढल्या?"

"म्याच काढल्या. लोकाइच्या कपाळाले लागून राह्यल्या होत्या. अन बाबाले बसाले पाह्यजे होती." तो खुशीत होता. "आता काम तं झालं ना बापा. त्या आडव्या फळ्यांवर कायचं वजन असते? नुसत्या टांगल्या असते."

"दादा, ऐक—"

"झालं सुरू हिचं!" तो सगळ्यांना ऐकू जाईल असं हसला. "शुभ बोल रे नाऱ्या, तर म्हने मांडवाले आग लागली! बुंदी घे, बुंदी."

पंगत हसली. मीही हसल्यासारखं केलं, कारण ओरडून चालणार नव्हतं. काम झालं म्हणे! ओलं काँक्रीट म्हणजे नुसतं वजन. त्याला स्वतःला सावरायची काडीची ताकद नसते. जी काय ताकद होती ती त्या वाकलेल्या लाकडांत. "पळा" म्हटलं असतं तर एवढी माणसं एकदम उठली असती, कोणाचा खांदा, कोणाचा गुडघा, कोणाची पाठ बल्लीला लागली असती, आणि मग काही उरलं नसतं. डोळे बाबांवरून हटेनात. ते पोळीचा तुकडा वरणात बुडवत होते.

मी उठून वहिनीकडे गेले. तिच्या कानात म्हटलं, "वहिनी, सगळ्यांना बाहेर काढायचंय. आत्ता. एकेकाला. आणि कोणाचाही हात बल्लीला लागता कामा नये. काऊन ते विचारू नको."

वहिनीनं माझ्याकडे पाहिलं. पदर खोचला आणि खणखणीत आवाजात म्हणाली, "थांबा वं माय! वास्तूची दृष्ट काढाची राहूनच गेली! उठा, उठा सारे. असे उष्ट्या हातानंच बाहेर व्हा. तोंडातून शब्द काढू नका, लाकडाले हात लावू नका, अन मांगं पाहू नका. मिस्त्री, वरच्या माणसाइलेबी खाली घ्या!"

एकदम चिडीचूप झाली पंगत. बायकांनी तोंडाला पदर लावले, पोरांना काखेत घेतलं, आणि अंग चोरून एकामागं एक बाहेर निघाल्या. पुरुषही. जे माझं एक वाक्य ऐकायला तयार नव्हते, ते सगळे श्वास रोखून, बल्ल्यांपासून हातभर लांब चालत बाहेर गेले. दादाही गेला. मला हसावं की रडावं कळेना.

बाबा मात्र बसून राहिले.

बाबा हायस्कूलला विज्ञान शिकवायचे. दृष्ट, करणी, लिंबू-मिरची, या सगळ्याशी त्यांचं जन्माचं वैर. चौकात उतरून ठेवलेलं लिंबू उचलून आणायचे आणि वर्गात पोरांसमोर त्याचं सरबत करून प्यायचे. "सांगितलेलं मानू नका, हात लावून पाहा," हे त्यांचं पालुपद. आणि आता त्यांची सून दारात मीठ-मोहरी, मिरच्या आणि निखारे घेऊन उभी होती, आणि त्यांची इंजिनिअर मुलगी त्यांना म्हणत होती, बाबा, चला बाहेर.

"म्या नाई येत," त्यांनी काठी गुडघ्यांवर आडवी ठेवली. "लाज नाई वाटत तुले? एवढं शिकवलं तुले म्या, अन तू दृष्ट काढते? होऊ द्या तुमचा तमाशा. मी जेवतो."

बाहेरून वहिनी माझ्याकडे बघत होती. तिच्या हातातल्या मिरच्या ओवाळून ओवाळून संपत आल्या होत्या. वरून एक थेंब बाबांच्या पत्रावळीत पडला. मला त्यांचा इतका राग आला! आणि इतकी भीती वाटली की रागाचं रडू व्हायला लागलं. मी त्यांच्या शेजारी फळीवर बसले. त्यांचा हात धरला आणि शेजारच्या बल्लीकडे नेला.

"बाबा, मानू नका. हात लावून पाहा. फक्त एक बोट. ढकलू नका."

त्यांनी बोट टेकवलं. बल्ली आत गेली, बोटाबरोबर, विरोध न करता. बोट काढलं तरी ती तिथंच थांबली. बाबांनी वर पाहिलं, मग खिळ्यांच्या भोकांकडे पाहिलं, मग आपण बसलो होतो त्या फळीकडे. त्यांच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला.

"अरे..." एवढंच म्हणाले.

आणि उठायला म्हणून, रोजच्या सवयीनं, त्यांचा दुसरा हात बल्लीकडे गेला. घरी ते प्रत्येक दाराला, प्रत्येक खांबाला धरूनच उठतात. मी त्यांचं मनगट मधल्या मधे पकडलं. "मला धरा बाबा. मला." सगळा भार त्यांनी माझ्या खांद्यावर टाकला. आम्ही निघालो. एक पाऊल, मग काठी, मग एक पाऊल. पत्रावळींमधून, सांडलेल्या वरणातून, दोन्ही बाजूंच्या बल्ल्यांना चुकवत. दार समोर दिसत होतं आणि जवळ येत नव्हतं. माझ्या मानेवर कोणीतरी हात ठेवलाय असं सारखं वाटत होतं.

आम्ही पाण्याच्या टँकरच्या सावलीत पोचलो. मी त्यांना बोनेटला टेकवलं आणि वळून पाहिलं.

आधी काही मोडल्याचा आवाज नाही आला. मधली एक बल्ली शांतपणे बाजूला झाली, नको असलेल्या पाहुण्यानं जागा द्यावी तशी. मग तिच्या शेजारची. मग सगळ्या रांगेनं एकदमच पोट काढलं आणि छताचा मधला भाग खाली, पंगतीवर, येऊन बसला. आवाज त्यानंतर आला. जमीन हादरली. धूळही फार उडाली नाही, सगळं ओलंच होतं. बाबा बसले होते तिथं ओल्या काँक्रीटचा ढीग होता आणि त्यातून लोखंडाच्या सळ्या वर आल्या होत्या.

बायका रडायला लागल्या. कोणी पोरं मोजत होतं, कोणी देवाचं नाव घेत होतं. "काळ आल्ता, पन वेळ नोती आली," म्हातारे म्हणाले. मग कोणीतरी वहिनीच्या हातातल्या निखाऱ्यांकडे बोट दाखवलं. "पाहा, पाहा! एवढ्या मिरच्या जाळल्या, ठसका आला का कोनाले? केवढी दृष्ट लागलती वास्तूले!" झालं. तेच सगळ्यांच्या तोंडी झालं. दादा जमिनीवर बसला होता, चिखलात. तोही म्हणाला, "कोनाची लागली असन बापा..." मिस्त्रीनं बाहेर आलेल्या एका फळीच्या तुकड्याकडे पाहिलं, दादाकडे पाहिलं, आणि मिक्सरकडे निघून गेला. मालकाला कोण बोलणार?

मी तोंड उघडलं, तर बाबांनी माझा दंड घट्ट धरला. संध्याकाळी माझ्या गाडीत बसल्यावर ते म्हणाले, "नको सांगू कोनाले. त्यानं मायासाठीच काढलती फळी. खचून जाईन पोट्टा." आपलेच दात, आपलेच ओठ. ज्या माणसानं जन्मभर लिंबांची सरबतं प्यायली, तो माणूस त्या दिवसापासून आल्यागेल्याच्या तोंडून दृष्टीची कहाणी ऐकायचा आणि मान खाली घालायचा. मी त्यांच्याशी भांडले. खूप भांडले. "बाबा, हे खोटं वाढेल." ते म्हणायचे, "हॉल पडला, मानसं वाचली. आता काय उरलं?"

उरलं होतं ना! वहिनीला बोलावणी यायला लागली. जामला, समुद्रपूरला, पार हिंगणघाटपर्यंत. स्लॅब असला की ती पाहिजेच. बिचारी मला म्हणायची, "ताई, मी काय करू, नाई म्हटलं तं लोकं रागावते." आणि बघता बघता नवीच रीत पडली. काँक्रीट झालं की पंगतीसाठी आडव्या फळ्या ठोकून काढायच्या, वहिनीनं दृष्ट काढायची, आणि मग त्याच फळ्यांवर म्हातारी माणसं बसवून निर्धास्त जेवायचं. मी कुठं बोलले तर हसून सांगायचे, "म्याडम, तुमच्या वहिनीचीच दृष्ट हाये ना, मंग कायचं भेव?" घरांची छतं बुटकी, बल्ल्या आखूड. त्या निभावून नेत होत्या. दर वेळी काही झालं नाही की लोकांचा विश्वास आणखी वाढायचा आणि माझी भीतीही.

पुढच्या उन्हाळ्यात हायवेपलीकडच्या शेतकऱ्यानं मंगल कार्यालय बांधायला काढलं. दादाच्या हॉलपेक्षाही उंच. मी गाडीतून उतरले आणि बल्ल्यांची उंची पाहूनच थबकले. मधल्या फळ्या काढून झाल्या होत्या. वहिनीची दृष्ट काढून झाली होती, चेहरा पाडून ती कोपऱ्यात उभी होती. पत्रावळी मांडल्या होत्या, पण पंगत अजून बसली नव्हती. दादा नेहमीसारखा बुंदीची बादली घेऊन वाढायला सज्ज. कार्यालयाच्या मालकानं दोन विटांवर फळी ठेवली, फडक्यानं पुसली आणि म्हणाला, "गुरुजी, बसा."

मी पुढं झाले, ओरडायच्याच बेतात होते. पण बाबा त्या फळीकडे बघत उभे होते. फळीच्या दोन्ही टोकांना खिळे होते, वाकवून ठोकलेले, कोणाला लागू नयेत म्हणून. त्यांनी काठीनं ते खिळे चाचपले.

"म्या नाई बसत," ते म्हणाले. आणि मग वर्गात बोलायचे त्या आवाजात, "आमच्या हॉलले दृष्ट नोती लागली. माया पोरानं मले बसाले फळी काढली, म्हणून स्लॅब पडला. हे मले पयल्या दिवसापासून माहीत हाये. मी खोटं बोलून राह्यलो होतो."

सगळे आधी बाबांकडे आणि मग दादाकडे वळले. दादाच्या हातातली बादली तशीच होती. त्याचं तोंड पांढरं पडलं होतं. माझ्या मनात आलं, आता हा निघून जाणार. आणि डोक्यावर ते एवढं वजन, तेही काही थांबून ऐकत नव्हतं.

दादानं बादली खाली ठेवली. "सारे बाहेर व्हा," तो म्हणाला. "हळू. लाकडाले हात लावू नका." माणसं बाहेर गेली. दृष्ट न काढताच गेली. तो विटांवरची फळी उचलून मिस्त्रीकडे निघाला, हातोडी मागायला. "ठोकू नको दादा," मी म्हटलं, "धक्का बसेल. तारेनं बांध." त्यानं आणि मिस्त्रीनं मिळून एकेक फळी जागेवर बांधली, बल्लीला न ढकलता. तो स्लॅब उभा राहिला, अजून उभा आहे. आम्ही जेवलो ते बाहेर, बाभळीच्या तुकड्या-तुकड्यांच्या सावलीत, घाम पुसत.

त्या दिवसापासून दादा बाबांशी बोलत नाही. एका घरात राहतात, एका पातेल्यातली भाजी वाढून घेतात, पण शब्द नाही. बाबाही म्हणत नाहीत, बोल म्हणून. मी मधे पडून पाहिलं, उपयोग झाला नाही.

लोकांची पंगत अजूनही स्लॅबखालीच बसते. गारवा कोणाला सोडवतो? पण आमच्या भागात कुठंही स्लॅब असला की दादा सगळ्यांच्या आधी तिथं जातो. मधल्या रांगांतून चालत एकेक आडवी फळी हातानं हलवून पाहतो. येताना घरची प्लास्टिकची खुर्ची बरोबर आणतो, बाबांसाठी मांडतो, आणि तोंड फिरवून वाढायला निघून जातो.